दाराच्या आतला माणूस

काकूंनी माफी मागितली, आणि तीही सकाळी सकाळी, ती तोंडात ब्रश धरून बेसिनपाशी उभी असताना. फोन आरशाखालच्या फळीवर थरथरत कडेकडे सरकत होता, पडेल म्हणून तिनं ओल्या हातानंच उचलला, तर पलीकडून 'कशी आहेस' नाही की 'ओळखलंस का' नाही, एकदम, "माफ कर गं पोरी मला. माझ्या पोरानं तुझ्याशी असं केलं हे मला ठाऊकच नव्हतं." तिच्या तोंडात फेस होता. 'काय' एवढंसुद्धा म्हणता येईना. आवाज मात्र तिनं तत्क्षणी ओळखला. त्याची आई. त्याचं तिचं संपल्यापासून तो आवाज तिनं ऐकला नव्हता, पण काकूंच्या बोलण्यात वाक्याच्या शेवटी जो एक छोटा सुस्कारा असे, तो तसाच होता. "शेजारणीच्या सुनेनं टीव्हीवर लावून दिला तुझा सिनेमा," काकू सांगत होत्या. "त्याला कारकून केलंस ते मला पटलं नाही, क्रेन चालवणं काय वाईट आहे? पण बाकी सगळा तोच. तसाच मान वाकडी करून ऐकतो. आणि मग ते दार. तू एवढ्या लांबून गेलीस, जिन्यावर बसलीस, केळं खाल्लंस, साल पिशवीत ठेवलीस. आणि हा आत! भिंतीला टेकून! माझ्या पोटचा!" तिनं फेस थुंकला. "काकू, अहो, ते तसं नाही…" "तू त्याची बाजू घेऊ नकोस. मी विचारलं त्याला फोन करून, असं केलंस का रे म्हणून. आधी गप्प बसला. मग म्हणाला, हो. पुढच्या आठवड्यात बायकोला घेऊन येणार होता, म्हटलं, येऊ नकोस. तोंड दाखवू नकोस मला." आणि तो सुस्कारा. आणि फोन बंद.

नळ वाहत होता. तिनं तो बंद केला आणि आरशात पाहिलं. हनुवटीवर पांढरा ओघळ. 'हो' म्हणाला तो. हे 'हो' दिवसभर तिच्या अंगावर ओल्या कपड्यासारखं चिकटून राहिलं. ऑफिसात ती कंपन्यांसाठी सूचनापट जोडायची, त्या दिवशी आगीचा चालू होता. 'आग लागल्यास लिफ्टचा वापर करू नये. घाबरून न जाता जवळच्या जिन्याने खाली उतरावे.' निवेदकाचा आवाज आणि पडद्यावरच्या माणसाची पावलं जुळेनात, माणूस आधीच खाली पोहोचायचा आणि आवाज मागून यायचा. साहेब मागे येऊन उभे राहिले. "आता तुम्ही दिग्दर्शक झालात, आमचं काम कशाला आवडेल!" ते कौतुकानंच म्हणाले. सगळे कौतुकानंच म्हणत होते. सिनेमा एका छोट्या हॉलमध्ये दाखवला होता, मग आणखी दोन-तीन ठिकाणी, मग लोकांनी घरोघरी पाहिला. एका खेळानंतर एक वयस्कर बाई तिचे दोन्ही हात हातात घेऊन म्हणाल्या होत्या, "असल्या माणसापासून सुटलीस, बरं झालं." तेव्हा तिनं मान हलवली होती. नुसती सौजन्यानं हलवली असती तर वेगळं. डोळे भरून हलवली होती. ते पाणी खरं होतं, हीच तर पंचाईत होती. जे घडलंच नाही त्याचं दुःख तिला खरोखरचं झालं होतं.

घडलं होतं ते असं. तो एका लांबच्या शहरात बंदरावर क्रेन चालवायचा. उंच, काचेच्या केबिनमध्ये दिवसभर एकटा, आणि जेवणाच्या सुट्टीत खाली उतरण्याचा कंटाळा म्हणून वरूनच तिला फोन करायचा. फोनमध्ये सतत वारा. त्या वाऱ्यातून तो सांगे, आज एक जहाज आलंय, त्याच्या नाकावर कुणीतरी डोळे रंगवलेत. खालची माणसं वरून नुसत्या टोप्या दिसतात. ती आपल्या खोलीत पलंगावर पालथी पडून ऐके, आणि तिला वाटे, जगात याहून सुखाचं काही नसेल. फोनमधला तो बरोब्बर तिच्या मापाचा होता. उशीखाली मावायचा. पण तो प्रत्यक्ष आला की खोलीत पसरायचा. त्याचे बूट दाराशी, त्याचा ओला टॉवेल खुर्चीवर. आल्या आल्या कपाटाचं दार हलवून पाहणार, "ही बिजागरी कधीपासून कुरकुरतेय?" आणि खिशातून पान्हा काढणार. रजेवर येताना पान्हा घेऊन येणारा माणूस! यात रागवण्यासारखं काय होतं? काहीच नव्हतं. दुरून डोंगर साजरे म्हणतात, पण हा डोंगर जवळूनही चांगलाच होता. फक्त तो डोंगर होता आणि तिची खोली लहान होती. तो परत जायला निघाला की तिला रडू यायचं, आणि गाडी हलली की तिसऱ्या मिनिटाला हलकं वाटायचं. मग रात्री फोन यायचा आणि पुन्हा सगळं गोड. या हलकं वाटण्याबद्दल ती कुणाशी बोलली नाही. बोलणार तरी काय? की मला माझा माणूस फार आवडतो, फक्त तो इथे नसावा?

त्या दुपारी तो न सांगता आला. ऊन होतं, पडदे ओढलेले होते, ती अर्धवट झोपेत होती. घंटा वाजली तेव्हा ती उठली, अनवाणीच दारापर्यंत गेली, आणि दारातल्या भिंगातून पाहिलं. त्याचं डोकं. भिंगात डोकं मोठं दिसतं आणि अंग लहान, तसा तो. केस नुकते कापलेले. नवा शर्ट. हातात पिशवी. कडीवर तिनं हात ठेवलाही होता. आणि मग तो कडीवरचा हात तसाच राहिला. का, हे तिला तेव्हाही सांगता आलं नसतं. पाच मिनिटं, एवढंच तिला वाटलं होतं. पाच मिनिटं मला तयार होऊ दे. चेहरा धुऊ दे. आनंद झाल्याचा चेहरा काढू दे. त्यानं पुन्हा घंटा वाजवली. आता उघडलं तर विचारेल, आधी का नाही उघडलंस. आणि जसजसा वेळ गेला तसतसं उघडणं अवघड झालं. एकदा घेतलेला उशीर म्हणजे उतारावर सोडलेली हातगाडी. त्यानं फोन केला. तिचा फोन पलंगावर घुं घुं करू लागला, ती धावली, पाय न वाजवता धावली, उशी दाबली त्यावर. थांबला. पुन्हा वाजला. पुन्हा. मग बाहेर शांत झालं, आणि ती परत येऊन दाराजवळच्या भिंतीला टेकून उभी राहिली. फरशी गार होती. पायाची बोटं आत वळवून ती उभी होती आणि भिंगातून मधून मधून पाहत होती. तो जिन्याच्या पायरीवर बसला होता. त्यानं बूट काढले, पाय चोळला, पिशवीतून केळं काढून खाल्लं. साल टाकायला जागा शोधली, नाही मिळाली, तेव्हा ती नीट घडी घालून पिशवीत ठेवली. समोरच्या आजी दार उघडून काही म्हणाल्या, तो उठून उभा राहून अदबीनं म्हणाला, "नाही नाही, असू दे, येईल ती." ऊन जिन्यावरून सरकून गेलं तेव्हा तो गेला. तिनं संध्याकाळी कळवलं की गावाबाहेर शूटिंग होतं, फोन जवळ नव्हता, अरे, आधी सांगायचंस ना! त्याचं उत्तर आलं, 'काही हरकत नाही. सहजच आलो होतो.' पुढे कुणीच कुणाशी भांडलं नाही. फोन विरळ झाले, जसे केस विरळ होतात, रोज कळत नाही. एक दिवस त्यानंच म्हटलं, थांबू या का, आणि ती म्हणाली, तुला तसं वाटत असेल तर. तेवढंसुद्धा तिनं त्याच्याच माथी मारलं.

सिनेमा करायचा ठरला तेव्हा हातात काही नव्हतं. एक उसना कॅमेरा, एक लंबू नावानं ओळखला जाणारा कॅमेरामन, आणि तिची स्वतःची खोली. दोन शहरं दाखवायची होती, तर खोलीची एक भिंत पिवळी रंगवली आणि समोरची निळी. पिवळ्या भिंतीपुढे बसलं की तिचं शहर, मान फिरवून निळीपुढे बसलं की त्याचं. नटनटी एकमेकांपासून चार हातांवर बसून फोनवर विरहाची वाक्यं बोलत, आणि मध्येच नटी म्हणे, "अरे, जरा तांब्या दे इकडे," आणि सगळे हसत. क्रेन परवडण्यासारखी नव्हती म्हणून त्याला कारकून केला. पहिल्या खर्ड्यात दाराच्या आत बाईच होती. तिनं ते प्रामाणिकपणे लिहिलं होतं, निदान तसं ती पुढे स्वतःला अनेकदा सांगायची. सगळ्यांनी वाचलं. नटी औषधांच्या दुकानात काम करायची, तिनं कागद खाली ठेवला आणि म्हणाली, "बाई, मला हिचा फार राग आला." आणि लंबू सिगारेट न पेटवता तोंडात धरून म्हणाला, "बाईनं दार उघडलं नाही तर लोक विचारत बसणार, का नाही उघडलं? बापयानं नाही उघडलं तर कोणी काही विचारत नाही. उलटं करून टाक." उलटं करून टाक. रात्रभर विचार केला, वगैरे काही नाही. तिनं तिथल्या तिथे पेन्सिल घेतली आणि 'ती'चं 'तो' केलं. त्या क्षणी जे वाटलं ते तिला अजून आठवतं. घामट कपडे काढून अंगावरून पहिला तांब्या ओतल्यावर वाटतं तसं. कलेसाठी बदल करावे लागतात, ती म्हणाली होती. सगळ्यांनी माना डोलावल्या होत्या.

पण खरं पाप त्यानंतरचं, असं तिला आता ऑफिसात बसून वाटत होतं. तो प्रसंग घ्यायचा त्या दिवशी नट, जो एरवी शाळेत गणित शिकवायचा आणि प्रत्येक गोष्टीचं कारण मागायचा, म्हणाला, "मी दार का उघडत नाही? माझं प्रेम संपलंय का?" "नाही," ती म्हणाली. "दुसरी कोणी आहे?" "नाही." "मग?" आणि ती त्याला समजावू लागली. कसं आधी फक्त पाच मिनिटं हवी असतात. कसा हात कडीवर असतो. कशी उशी दाबायची, पूर्ण जोर लावून नाही, कारण आतल्या फोनला लागेल अशी भीती वाटते. बूट नाही, मोजे नाहीत, अनवाणी. बोटं अशी आत वळलेली. तिनं भिंतीला टेकून दाखवलं. खोलीत कुणी हललं नाही. नटानं तसंच्या तसं केलं आणि लंबूच्या डोळ्यांत पाणी आलं. समीक्षकांनी पुढे नेमक्या त्याच प्रसंगाबद्दल लिहिलं, की पुरुषाच्या मनातला भेकडपणा या दिग्दर्शिकेनं बाहेर उभं राहूनही किती अचूक टिपला आहे. ते कात्रण तिनं जपून ठेवलं होतं. आणि आता तो 'हो' म्हणाला होता. तिला वाचवायला. एवढं सगळं झाल्यावरही आपल्या आईपुढे तिची अब्रू झाकायला तो पुढे झाला, आणि स्वतःच्या घराला पारखा झाला. या विचारानं तिला रडू येई, आणि त्या रडण्यात कुठेतरी थोडं सुखही होतं, की अजून तो आपल्यासाठी एवढं करतो. ते सुख तिच्या लक्षात आलं तेव्हा तिला स्वतःची किळस आली. पडद्यावरचा माणूस पुन्हा एकदा आवाजाच्या आधी जिना उतरून गेला. तिनं रजेचा अर्ज टाकला.

दुसऱ्या दिवशी बसमधून उतरून ती काकूंच्या चौथ्या मजल्यावर पोहोचली तेव्हा दुपार होती. दार उघडंच होतं. काकू पूर्वीपेक्षा बारीक दिसत होत्या, चष्मा जाड झाला होता. त्यांनी तिला मिठी मारली नाही, हाताला धरून आत नेलं, पंख्याखाली बसवलं, पाणी दिलं, चहा टाकला, आणि मग समोर बसून म्हणाल्या, "एवढ्या लांबून आलीस. माफी मी मागायची आणि प्रवास तू करायचा." तिनं बसमध्ये वाक्य घोटून ठेवलं होतं. तेच बोलली. "काकू, दाराच्या आत मी होते. तो बाहेर होता. सिनेमात मी उलटं केलं."

काकूंनी चहाचा कप तिच्याकडे सरकवला. "साखर बघ."

"काकू, मी काय म्हणतेय ऐकलंत ना?"

"ऐकलं. तू असंच काहीतरी म्हणशील हे मला ठाऊक होतं. मी त्याला घरात घेत नाही हे तुला सहन होणार नाही. स्वभावच तुझा." काकूंनी पदरानं चष्मा पुसला. "पण मी डोळ्यांनी पाहिलंय गं."

"ते मी बनवलंय, काकू! तो नट आहे. शाळेत गणित शिकवतो तो."

"शिकवू दे की. पण दाराआड उभं राहिलेल्या माणसाची बोटं कशी वळतात, हे त्या गणितवाल्याला कुठून कळणार? तूच सांगितलं असणार."

"मीच सांगितलं! कारण मी आत होते. बाहेर असते तर मला आतलं दिसलं असतं का?"

काकू तिच्याकडे बघत राहिल्या, एखाद्या लहान मुलीकडे बघावं तशा. "न दिसायला काय झालं? बाहेर बसलेला माणूस दुसरं काय करत असतो, पोरी? आतलंच बघत असतो." आणि मग हळू आवाजात, "त्याचे वडील होते ना, मीही बसलेय अशी बाहेर. घराच्या आत राहून बसलेय."

चहावर साय धरू लागली. आपण खरं बोलतोय आणि तेही आपल्याच मोठेपणाच्या खात्यात जमा होतंय, हे तिला दिसत होतं. जेवढं सांगू तेवढी काकूंची नजर मऊ होत होती. तिनं त्या दिवशीचा त्याचा शर्ट सांगितला, समोरच्या आजी सांगितल्या, कडीवरचा हात सांगितला. काकूंनी सगळं ऐकून घेतलं आणि फोन लावून स्पीकरवर टाकला. "थांब, त्याच्यासमोरच होऊन जाऊ दे. बघू तुझ्या तोंडावर कसा खोटं बोलतो."

दोन-तीनदा वाजल्यावर त्यानं घेतला. आवाजाआधी वारा आला. तोच वारा. "बोल आई. बोलायला लागलीस का?" "ही आलीय माझ्याकडे. म्हणते, आत ती होती आणि बाहेर तू." तो म्हणाला, "स्पीकर बंद कर आणि तिला दे."

ती फोन घेऊन गॅलरीत गेली. दोरीवर काकूंची दोन पातळं वाळत होती, त्यांच्या मधोमध ती उभी राहिली.

"कशी आहेस?" तो म्हणाला.

"मी सांगितलं त्यांना सगळं."

"मानलं तिनं?"

"नाही."

"मग झालं तर."

"तू का 'हो' म्हणालास? माझ्यासाठी कशाला एवढं…"

तो हसला. मोकळं, जरा थकलेलं हसू. "तुझ्यासाठी नाही गं. तुला अजून तसंच वाटतं होय?"

तिच्या कानशिलांत रक्त चढलं. तो पुढे बोलत होता, सावकाश, वरून जहाजं सांगायचा त्याच आवाजात. "मी आणि बायकोनं मिळून पाहिला सिनेमा. त्या जिन्यावर बसलेल्या बाईकडे मी बघत होतो. साल घडी घालून पिशवीत ठेवते ती. म्हटलं, मी असा दिसत होतो का? इतका शहाणा? मला तुझा फोन ऐकू येत होता त्या दिवशी, आतून. पहिला फोन तू घरात नसशील म्हणून केला. पुढचे तू आहेस हे कळलं म्हणून केले. आणि तरी मी त्या आजींना म्हणालो, येईल ती." वारा मोठा झाला, त्यानं थांबून तो जाऊ दिला. "बायकोनं विचारलं, यातला तू कोण? तोंडातून निघून गेलं, आतला. चिडली ती. काही दिवस धड बोलली नाही. पण बिचारा म्हणून नाही बघितलं तिनं माझ्याकडे. मला इतकं बरं वाटलं, तुला काय सांगू."

"पण काकू तुला घरात घेत नाहीत."

"घेईल. रागावलेली आई घरात घेते. तिला कीव आली ना, तर मग प्रत्येक वेळी जेवायला वाढताना तोंडाकडे बघत बसेल. नको." खाली कुणीतरी त्याला हाक मारली, त्यानं 'आलो' म्हटलं. "तू लिहिलंस, ते वाईट केलंस. मी नाही म्हणत नाही. पण आता ते माझं आहे. त्या सिनेमात मी आत आहे. तेवढं राहू दे माझ्याकडे, परत मागू नकोस."

फोन बंद झाला. पातळं हलत होती, त्यांचा ओला वास येत होता. एवढा प्रवास करून ती जे द्यायला आली होती ते घ्यायला कुणी नव्हतं. काकूंना ते खरं वाटत नव्हतं आणि त्याला ते नको होतं. ते तिचं तिलाच घेऊन जायचं होतं, आणि कुणाला दाखवण्याचीही सोय उरली नव्हती. ती आत आली. काकू पंख्याखाली तशाच बसल्या होत्या, हात मांडीवर, मान ताठ, निकालाची वाट बघितल्यासारख्या.

"काय म्हणाला?"

तिनं फोन टेबलावर ठेवला. "चुकलं म्हणाला, काकू."

"मला म्हणून काय उपयोग? तुझी माफी मागायला हवी त्यानं."

"मागितली."

"स्वतःहून?"

"हो."

काकूंनी खालचा ओठ दातांत धरला. "मग? तू काय म्हणालीस? केलंस माफ?"

खाली रस्त्यावर कुणीतरी गाडी सुरू करत होतं, ती होत नव्हती, पुन्हा पुन्हा घरघरून थांबत होती. तिनं कप उचलला, चहा गार झाला होता, तरी एक घोट घेतला. गिळला.

"केलं, काकू."

"मोठं मन आहे गं तुझं," काकू म्हणाल्या, आणि इतक्या वेळानं पहिल्यांदा त्यांनी तिला जवळ घेतलं. त्यांच्या खांद्याची हाडं तिला टोचली. मग त्या उठल्या, आतल्या खोलीत तिच्यासाठी पलंगावर धुतलेली चादर घातली, प्रवासानं दमलीस, जरा पड म्हणाल्या, नको म्हणू दिलं नाही. ती भिंतीकडे तोंड करून पडून राहिली. बाहेर काकू फोन लावत होत्या. वाजत होता, वाजत होता, मग त्यांचा आवाज आला, एकदम तरुण झालेला: "या रे दोघं, या पुढच्या आठवड्यात. तिनं केलंय माफ तुला." पलीकडून तो काय म्हणाला, ते तिला ऐकू आलं नाही. काकू मात्र मोठ्यानं हसल्या, आणि आतल्या माणसाची झोप मोडू नये म्हणून लगेच त्यांनी आवाज खाली घेतला.